फोन विकण्याआधी खातं काढताना: आबांच्या रेडमीची हकीकत

आबांचा जुना रेडमी विकायचं काम माझ्या गळ्यात पडलं ते आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला. २०२५ची आखाजी ३० एप्रिलला होती. मी २८ तारखेला धुळ्याहून माहेरी, अमळनेर तालुक्यातल्या आमच्या गावी पोहोचले. भावाने आबांसाठी ११ हजारांचा नवा फोन आणून ठेवला होता आणि जुना कपाटात धूळ खाण्यापेक्षा विकून टाकावा असं माझ्यामागे ठरूनही गेलं होतं. मी पतसंस्थेत काम करते, दिवसभर लोकांची केवायसी आणि ओटीपी यांतच जाते, त्यामुळे असली कामं घरात कुणाकडे येणार हे सांगायला नको.

सिम काढून नव्या फोनात घातलं, फोटो पुसले, की झालं, असा सगळ्यांचा समज. आबा तर म्हणाले, "त्यामा मना काय शे, ईकी टाक." म्हणजे त्यात माझं काय आहे, विकून टाक.

त्यामा बरंच काही निघालं. आणि त्याहून मोठा प्रश्न असा होता की त्या फोनवर किती खाती उघडी आहेत, ती कुणी तयार करून दिली आणि त्यांचे पासवर्ड कुणाकडे आहेत, हे घरात एकालाही माहीत नव्हतं. म्हणून हे सगळं सविस्तर लिहितेय. आपल्याकडे घरातल्या म्हाताऱ्या माणसांचे फोन बहुतेक असेच असतात.

मी लगेच "रिसेट"ला, म्हणजे फोन पूर्ण पुसण्याला, हात लावला नाही याला आमच्या गल्लीतलं एक उदाहरण कारणीभूत आहे. शेजारच्या काकूंना त्यांच्या पुण्याच्या पुतण्याने वापरलेला फोन पाठवला होता. फोनचा पॅटर्न आठवेना, म्हणून गावातल्या कुणीतरी पॉवर आणि आवाजाचं बटण एकत्र दाबून तो पुसून काढला. फोन सुरू झाला, भाषा विचारली, वायफाय विचारलं आणि मग म्हणाला, यावर आधी जे गूगल खातं होतं त्याचा मेल आणि पासवर्ड टाका. पुतण्याने ते खातं कधीच सोडून दिलेलं. दोन वर्षं झाली, तो फोन काकूंच्या फडताळात लग्नपत्रिकांखाली आहे.

ही सोय चोरांना अडवण्यासाठी केलेली आहे. २०१५ मध्ये अँड्रॉइड ५.१ आलं तेव्हापासून ती आहे. फोन चोरून बटणं दाबून पुसला तरी जुन्या मालकाचं खातं टाकल्याशिवाय तो उघडू नये, एवढाच तिचा हेतू. फोनला पॅटर्न किंवा पिन लावलेला असला आणि त्यावर गूगल खातं असलं की हे कुलूप आपोआप लागलेलं असतं, आपण वेगळं काही सुरू करावं लागत नाही. आणि फोनला चोर आणि आबा यांच्यातला फरक कळत नाही.

तर २८ तारखेला रात्री जेवणं आटोपल्यावर आधी नुसतं बघून घेतलं. सेटिंग्जमध्ये "खाती आणि सिंक" असं एक पान असतं. काही फोनात त्याला "पासवर्ड आणि खाती" म्हणतात. तिथे तीन खाती निघाली. एक गूगलचं, आबांच्या आडनावापुढे मोबाइलच्या दुकानाचं नाव आणि काही आकडे जोडलेला मेल. दुसरंही गूगलचंच, ते माझ्या भाचीचं. मागच्या दिवाळीत तिने गेम उतरवून घ्यायला घातलं होतं आणि तसंच राहिलं. तिसरं रेडमी बनवणाऱ्या शाओमी कंपनीचं, ज्याला एमआय अकाउंट म्हणतात, ते.

पहिलं खातं कुठून आलं याचा अंदाज होता. फोन २०१९ मध्ये तालुक्याच्या गावातून घेतला होता. तेव्हा दुकानातल्या मुलानेच मेल तयार करून, पासवर्ड टाकून, व्हॉट्सॲप चालू करून फोन हातात दिला. तो पासवर्ड काय होता हे त्याने सांगितलं नाही आणि आबांनी विचारलं नाही. खोक्यावरही काही लिहिलेलं नव्हतं. ते दुकान आता बंद झालंय, तिथे रसवंती आहे. त्या मुलावर माझा राग नाही; रोज पन्नास लोकांना फोन चालू करून द्यायचा तर तो असंच करणार. पण फोन घेताना पाच मिनिटं जास्त थांबून स्वतःचा पासवर्ड स्वतः टाकावा आणि घरी आल्यावर वहीत लिहावा, हे यापुढे मी प्रत्येकाला सांगणार आहे.

दुसऱ्या दिवशी सल्ले सुरू झाले. भावाचा मित्र म्हणाला, बटणं दाबून रिसेट मार, दोन मिनिटांचं काम आहे. म्हणजे काकूंच्या फोनाचीच गत. दुसऱ्याने सांगितलं, लॉक लागलं तर लागलं, पाचशे रुपयांत तोडून देणारे आहेत. असतीलही. पण ज्या फोनात आबांचं बँकेचं खातं वापरलंय तो आपण अनोळखी माणसाच्या लॅपटॉपला जोडून द्यायचा, हे मला पटलं नाही. पतसंस्थेत बसून लोकांच्या फसवणुकीच्या तक्रारी ऐकल्या की असा स्वभाव होतो.

२९ तारखेचा अख्खा दिवस माल बाहेर काढण्यात गेला. इथे घाई करू नका असं माझं कळकळीचं सांगणं आहे, कारण एकदा फोन पुसला की परत काही मिळत नाही. अलीकडच्या अँड्रॉइड फोनमधली माहिती आधीच सांकेतिक रूपात साठवलेली असते आणि रिसेटमध्ये तिची किल्लीच नष्ट होते. विकणाऱ्याच्या दृष्टीने हे चांगलं आहे, पण नंतर "अरे, तो एक फोटो" म्हणणाऱ्याची सोय नाही.

फोटो सोपे होते. ते बहुतेक मेमरी कार्डात होते आणि कार्ड काढून घेतलं की प्रश्न मिटतो. लक्षात ठेवा, फोन रिसेट केला म्हणून कार्ड पुसलं जाईलच असं नाही, त्यामुळे ते आत राहिलं तर फोटोंसकट दुसऱ्याच्या घरी जातं. सिमच्या ट्रेची टाचणी कुणाच्याच घरी सापडत नाही; आईने कानातल्या बाळीचा आकडा दिला, त्याने ट्रे निघाला.

नावं आणि नंबर मात्र अडले. आबांचे सगळे नंबर "फोन"मध्ये साठवलेले होते. गूगल खात्यात नव्हते, सिममध्येही नव्हते. म्हणजे खातं नव्या फोनवर घातलं तरी ते आले नसते. कॉन्टॅक्टच्या सेटिंगमध्ये "एक्स्पोर्ट" म्हणून पर्याय असतो, त्याने सगळ्या नंबरांची एक फाइल होते. ती नव्या फोनवर पाठवून उघडली की नंबर येतात. फाइल करण्याआधी मी यादी डोळ्यांखालून घातली. "टॅक्टर चोपडा", "टॅक्टर नवा", "लाईट वायरमन", "लाईट वायरमन २", "कापूस शेठ", "केळी गाडी सावदा", "डॉक्टर ढोरं", "डॉक्टर मानसं". माझं नाव "धुळे" असं होतं. भावाचं नाव नव्हतंच, त्याचा नंबर आबांना पाठ आहे.

कॉल रेकॉर्डिंग्जचा तर कुणी विचारच केला नव्हता. आबांच्या फोनात प्रत्येक कॉल आपोआप रेकॉर्ड व्हायचा, भावाने कधीतरी तसं लावून दिलं होतं. मी म्हटलं, हे पुसून टाकूया, नुसती जागा खातंय. आबा एकदम खाटेवर उठून बसले. मागच्या हंगामात ज्या व्यापाऱ्याला कापूस दिला त्याच्याकडे थोडे पैसे अजून अडकलेत, आणि भाव काय ठरला होता ते फोनवर बोलणं झालेलं. ते बोलणं आबांनी कधी परत ऐकलेलं नाही, पण ते फोनात आहे एवढ्यावर त्यांची सगळी मदार. मग तारखांवरून ते कॉल शोधले आणि मेमरी कार्डात आणि माझ्या फोनात अशा दोन्हीकडे ठेवले. रेकॉर्डिंग्ज फोटोंसारख्या आपोआप गूगलवर जात नाहीत. त्या "फाइल्स"मध्ये जाऊन हाताने उचलाव्या लागतात.

व्हॉट्सॲपचं काम त्यामानाने सुखाचं झालं. सिम नव्या फोनात घातलं, पण जुन्या फोनातलं व्हॉट्सॲप तसंच चालू ठेवलं. जुन्यावर सेटिंग्ज, मग चॅट्स, मग "चॅट ट्रान्सफर" असं जायचं. नव्यावर नंबर टाकला, जुन्यावर क्यूआर स्कॅन केला आणि दोन्ही फोन शेजारी शेजारी ठेवून दिले. दोन्हीकडे वायफाय आणि लोकेशन चालू लागतं, पण इंटरनेटचा डेटा फारसा खर्च होत नाही. भजनी मंडळाच्या ग्रुपातले व्हिडिओ इतके होते की पाऊण तास गेला. हे करताना मध्येच लाइट गेली, म्हणून सांगते, दोन्ही फोन आधी पूर्ण चार्ज करून घ्या. गावात एप्रिल-मेमध्ये दुपारची लाइट गेली की ती कधी येईल याचा भरवसा नसतो.

यूपीआयचं ॲप नव्या फोनवर परत नोंदवावं लागतं, त्यासाठी फोन स्वतःच सिमवरून एक मेसेज पाठवतो, म्हणून सिममध्ये बॅलन्स हवा. नोंदणी झाल्यावर पहिले २४ तास पाच हजारांच्या वर पैसे पाठवता येणार नाहीत असं ॲपने सांगितलं; आखाजीचा बाजार आधीच झाला होता म्हणून बरं. जुन्या फोनातल्या ॲपमधून बाहेर पडले. ई-पीक पाहणीचं ॲपही नव्या फोनवर उतरवून नंबर टाकून चालू केलं.

३० तारखेला अर्थातच कुणी फोनला हात लावला नाही. सकाळी घागर भरणं, पूजा, मग खापरावरचे मांडे आणि रस. दुपारी बायका झोक्यावर, पुरुष पत्त्यांवर. आबा पत्त्यांत चाळीस रुपये हरले आणि त्याचा दोष नव्या फोनाला दिला.

१ मेला परत बसले. आता मुख्य गोष्ट सांगते. गूगल खातं फोनवरून काढायला त्या खात्याचा पासवर्ड लागत नाही. फोनचा पिन किंवा पॅटर्न विचारतो, तो दिला की खातं निघतं. त्यामुळे कुणालाही वाटेल, चला, काढून टाकू आणि मोकळे होऊ. पण आमचा पासवर्ड कुणालाच माहीत नव्हता. ते खातं फक्त याच एका फोनवर उघडं होतं. इथून काढलं असतं तर ते आम्हाला परत कुठेच उघडता आलं नसतं. त्यातले फोटो, प्ले स्टोअर, बँकेचे मेल, सगळं गेलं असतं. म्हणून आधी खातं आपल्या ताब्यात घ्यायचं आणि मगच ते फोनवरून काढायचं. हा क्रम उलटा झाला की पंचाईत.

पासवर्ड कळण्याचा तर प्रश्न नव्हता, तो बदलायचा होता. जुन्या फोनातच सेटिंग्ज, गूगल, "तुमचे गूगल खाते व्यवस्थापित करा", सुरक्षा, पासवर्ड असं गेले. त्याने आधी चालू पासवर्ड विचारला. "पासवर्ड विसरलात?" दाबलं. मग तो म्हणाला, शेवटी अमुक आकडे असलेल्या नंबरवर कोड पाठवतो. तो नंबर आबांचा नव्हता, आमच्या घरातल्या कुणाचाच नव्हता. नक्की त्या दुकानाचा असणार. तिथे क्षणभर पोटात गोळा आला. खाली "दुसरी पद्धत वापरून पाहा" असा पर्याय होता, तो दाबल्यावर याच फोनवर सूचना आली: तुम्हीच लॉग इन करताय का? हो म्हटलं, समोरचा आकडा निवडला आणि नवीन पासवर्ड टाकायची चौकट उघडली. खातं फोनवर अजून उघडं होतं म्हणूनच हा रस्ता मिळाला. फोन आधी पुसला असता तर कोड त्या बंद दुकानाच्या नंबरवर गेला असता आणि आम्ही रसवंतीत जाऊन बसलो असतो.

नवा पासवर्ड आबांच्या समोर ठरवला, त्यांना लिहिता येईल असा, आणि त्यांच्या सातबाऱ्याच्या फाइलमधल्या डायरीत त्यांच्याच हाताने लिहून घेतला. लगेच रिकव्हरीचा, म्हणजे पासवर्ड विसरल्यास कोड येण्याचा, नंबर बदलून आबांचा टाकला, रिकव्हरीचा मेल माझा दिला. नंबर बदलला तरी पुढचे सात दिवस गूगल जुन्या नंबरवर कोड पाठवण्याचा पर्याय ठेवू शकतं, हे त्याच पानावर लिहिलेलं असतं, तेवढं वाचून घ्या. नव्या फोनवर तेच खातं नव्या पासवर्डने उघडून बघितलं. उघडलं.

इथे एक वाट बघणं आहे, जे बऱ्याच जणांना माहीत नसतं. पासवर्ड बदलल्यावर किमान २४ तास फोन रिसेट करू नका असं गूगल स्वतः सांगतं. समजा काही कारणाने रिसेटनंतर ते कुलूप पडलंच, तर नुकताच बदललेला पासवर्ड तिथे चालत नाही. म्हणून पासवर्ड १ तारखेला संध्याकाळी बदलला आणि रिसेट ३ तारखेला ठेवला. मला सुट्टी होती, त्यामुळे जमलं. तुम्हाला एका दिवसात गिऱ्हाइकाला फोन द्यायचा असेल तर हे गणित आधी मांडा.

मधल्या वेळात एमआय अकाउंटच्या मागे लागले. याचं उलटं असतं. हे खातं काढायला त्याचाच पासवर्ड लागतो, कारण त्याच्याशी हरवलेला फोन शोधायची सोय जोडलेली असते. ती चालू राहून फोन पुसला तर नेट मिळताच "हे डिव्हाइस लॉक केलेले आहे" असा पडदा येतो. सॅमसंगच्या फोनांना तसंच सॅमसंगचं वेगळं खातं असतं. म्हणजे गूगलचं एक कुलूप आणि कंपनीचं दुसरं, दोन्ही काढायची.

पासवर्ड बदलायला ओटीपी हवा आणि तो ज्या नंबरवर जाणार त्याचे सगळे आकडे चांदण्यांत, शेवटचे दोन तेवढे दिसत होते. चार आणि सात. रात्री ओट्यावर सगळं घर ४७ शोधत बसलं. आईचा नाही, भावाचा नाही, काकांच्या दोन नंबरांपैकी एकही नाही. शेजारच्या काकू येऊन स्वतःचा तपासून गेल्या. शेवटी आईनेच विचारलं, भैय्याच्या लग्नात फोन बिघडला होता तेव्हा तो कुणी नीट केला?

भैय्या म्हणजे माझा चुलतभाऊ, सुरतला कापड मिलमध्ये असतो. आमच्याकडून सुरतला जाणारी गाडी अमळनेरवरूनच जाते, त्यामुळे दर घरातलं कुणीतरी तिकडे आहेच. त्याने २०२१ साली सुट्टीत आबांचा फोन घेऊन एमआयचं खातं स्वतःच्या नंबरवर तयार केलं होतं आणि नंतर तो विसरूनही गेला. २ तारखेला दुपारी त्याला फोन लावला, तर मागे यंत्रांचा एवढा आवाज की त्याला माझं आणि मला त्याचं काही ऐकू येईना. "ताई, आते डूटीवर शे, सांजले करस." ओटीपी काही मिनिटांत संपतो, म्हणून माणूस फोनजवळ मोकळा बसलेला असेल तेव्हाच कोड मागवावा. संध्याकाळी त्याने केला. आधी त्याला नीट समजावलं की मी कोड मागवतेय, तुला मेसेज येईल, तो मला वाचून दाखव. एरवी मी लोकांना सांगते की ओटीपी कुणालाही सांगू नका, आणि इथे भावाकडून ओटीपी वदवून घेतेय, याचं मला हसू आलं. त्यालाही आलं. पण आवाज ओळखीचा होता, काम ठरलेलं होतं आणि मेसेजवर शाओमीचं नाव होतं हे त्याने वाचून खात्री केली.

एमआयचा पासवर्ड बदलला. मग सेटिंग्जमध्ये सगळ्यात वर त्या खात्याचं नाव असतं, ते उघडून तळाशी साइन आउट. फोनवरचे कॉन्टॅक्ट आणि मेसेज ठेवू की काढू असं विचारलं; काढ म्हटलं, कारण आपली प्रत तयार होती. पासवर्ड टाकला, शोधायची सोय बंद झाली.

३ तारखेला सकाळी गूगलची दोन्ही खाती काढली. भाचीला नाशिकला फोन करून आधी विचारून घेतलं. तिचं खातं तिच्या स्वतःच्या फोनवर चालू आहे, त्यामुळे इथून काढल्याने तिचं काही गेलं नाही. फोनवर दुसऱ्या कुणाचं खातं राहिलंय का हे जरूर बघा. एक खातं काढून दुसरं तसंच राहिलं तर कुलूप त्या दुसऱ्याच्या नावाने पडतं. त्यानंतर पॅटर्नही काढून टाकला. मग "फोनविषयी" मध्ये जाऊन फॅक्टरी रीसेट, सगळा डेटा मिटवा. तो परत परत विचारतो, थोडे सेकंद थांबायला लावतो, मग पडदा काळा होतो. दहाएक मिनिटांत भाषा निवडायचं पान आलं.

आता फोन बंद करून खोक्यात ठेवायचा मोह होतो. थांबा. खरी परीक्षा नेटवर आहे. भाषा निवडून वायफाय जोडलं, कारण कुलूप असलं तर ते नेट जोडल्यावर समोर येतं. पुढे गूगलचं पान आलं, त्यात मेल टाकायची जागा आणि खाली "वगळा". "वगळा" दिसलं म्हणजे फोन मोकळा. जुन्या मालकाचं खातं किंवा आधीचा पॅटर्न मागितला असता तर तो बांधलेला समजायचा. एमआयचाही पडदा आला नाही. तिथूनच फोन बंद केला, पुढे काही भरलं नाही, म्हणजे घेणाऱ्याला पहिल्यापासून सुरुवात करता येते.

विकायला ५ तारखेला, सोमवारी, भावाबरोबर जळगावला गेले. गोलाणी मार्केट हे आपल्याकडचं मोबाइलचं मोठं ठिकाण, तिथे दोन-तीन ठिकाणी विचारलं. उन्हाने जीव चालला होता, सकाळी लवकर जा. खोकं, चार्जर आणि बिल असेल तर भाव बरा येतो. आमच्याकडे खोकं होतं, बिल नव्हतं. ज्या दुकानात शेवटी दिला तिथल्या मुलाने किंमत सांगायच्या आधी फोन चालू करून स्वतःच्या हॉटस्पॉटला जोडला आणि "वगळा" येतंय का ते पाहिलं. मग स्टार हॅश शून्य सहा हॅश दाबून आयएमईआयचे, म्हणजे त्या फोनच्या ओळख क्रमांकाचे, पंधरा आकडे खोक्यावरच्या आकड्यांशी ताडून घेतले. चोरीचा किंवा ब्लॉक केलेला फोन नाही ना हे बघायला १४४२२ वर मेसेज करता येतो: केवायएम ही तीन इंग्रजी अक्षरं, मोकळी जागा आणि आयएमईआय. ही सोय केंद्राच्या दूरसंचार खात्याची आहे आणि २०२३ मध्ये सुरू झालेल्या संचार साथी पोर्टलवरही तेच तपासता येतं. जुना फोन घेणाऱ्यांनीही ते करावं.

३,६०० रुपये मिळाले. ४ हजारांची आशा होती, पण पडद्याच्या कोपऱ्यात बारीक चीर होती. दुकानदाराने आबांच्या आधारची झेरॉक्स घेतली, तिच्यावर मी "फक्त मोबाइल विक्रीसाठी" असं आडवं लिहून तारीख टाकली. आणि त्याच्याकडून आयएमईआय, तारीख आणि रक्कम लिहिलेली सही-शिक्क्याची पावती मागून घेतली. त्याला ते जरा जास्तीचं वाटलं, पण दिली. उद्या त्या फोनवरून काही भानगड झाली तर फोन कधी आपल्या हातातून गेला हे सांगायला तो कागद लागतो. ओळखीच्या माणसाला विकलात तरी साध्या कागदावर दोघांच्या सह्या घ्या.

आयफोनवाल्यांसाठी थोडक्यात: तिथे २०१३च्या आयओएस ७ पासून असंच कुलूप आहे. सेटिंग्जमध्ये सगळ्यात वरच्या आपल्या नावावर जाऊन साइन आउट करायचं, ॲपलचा पासवर्ड टाकायचा आणि मग पुसायचा. फोन आधीच देऊन बसला असाल तर आयक्लाउडच्या साइटवरून तो आपल्या खात्यातून दूर काढता येतो. गूगलच्या बाबतीत ती सोय धरून चालू नका. गूगलच्या साइटवर जाऊन जुन्या फोनमधून साइन आउट केलं तरी फोनवर पडलेलं कुलूप त्याने निघत नाही. घेणाऱ्याकडे जाऊन पासवर्ड टाकावा लागतो.

घरी आल्यावर नव्या फोनवरून आबांच्या गूगल खात्यात सुरक्षा, "तुमची डिव्हाइस" असं पाहिलं. जुना रेडमी यादीत अजून दिसत होता, "साइन आउट केलेले" असं लिहिलेलं. मागच्या काही आठवड्यांतली डिव्हाइस त्यात दिसत राहतात, त्यामुळे घाबरू नका, फक्त ते शब्द आहेत ना एवढं बघा. एमआय अकाउंटवर भैय्याचा नंबर अजून आहे. आबांचा नवा फोन दुसऱ्या कंपनीचा आहे, त्यामुळे ते खातं आता लागणार नाही. तरी पासवर्ड डायरीत गूगलच्या खाली लिहून ठेवलाय.